गुपित कुणाच्या हाती द्यायचं

प्रिय बाय,

तुझी पटकथा दोनदा वाचली. एकदा सलग, आणि दुसऱ्यांदा मूळ रहस्यकादंबरी शेजारी उघडी ठेवून. विहिरीचा प्रसंग फार चांगला उतरलाय. पहाटे पाणी काढायला आलेल्या बाईचा दोर अडकतो, तेव्हा ती आत वाकून बघत नाही, आधी मागे वळून घराकडे बघते. हे कादंबरीत नाही, तुझं आहे. तसं अजून लिही.

माझं अडलं ते शेवटाकडे. कादंबरी सून सांगते, ‘मी’ म्हणून. तिथे ‘त्या रात्री मी लवकर झोपले’ असं एक वाक्य लिहिलं की वाचक विश्वास ठेवतो आणि पान उलटतो. पडद्यावर तू काय करणार? तिला झोपलेली दाखवलीस तर ते खोटं झालं. दाखवलीच नाहीस, तर ही बाई रात्रभर होती कुठे, हा प्रश्न बघणाऱ्याच्या मनात लगेच येतो. तू तिथे पाऊस आणि अंधार घातलास, वर तिचा आवाज ठेवलास. पण काहीतरी झाकलंय हे त्या अंधारातूनच कळतं. कॅमेरा माणसाचा चेहरा दाखवतो, हात दाखवतो, त्याला ‘मी’ म्हणता येत नाही. कादंबरीचं रूपांतर करताना हीच पहिली अडचण येते, आणि रहस्यकथेत ती सगळ्यात जास्त छळते.

मी स्वतः यात सपशेल चुकलोय. बऱ्याच वर्षांपूर्वी एका कादंबरीवरून टेलिफिल्म लिहिली. खुनी कोण हे शेवटच्या पाच मिनिटांपर्यंत जिवापाड जपलं. फोंड्याला ओळखीच्या लोकांना दाखवली, तर मध्यंतरात चहा घेताना दोघातिघांनी नाव सांगून टाकलं. ओळखलं याचं दुःख नाही. पण ओळखल्यावर त्यांना बघायला काही उरलं नव्हतं, ते काळजाला लागलं. मी माणसं लिहिलीच नव्हती, फक्त कुलूप लिहिलं होतं.

सत्यजित राय यांचं उदाहरण नीट बघ. ‘सोनार केल्ला’ ही त्यांचीच कादंबरी, १९७१ची. त्यावर त्यांनीच १९७४ मध्ये चित्रपट केला. पुस्तकात डॉक्टर म्हणून वावरणारा माणूस तोतया आहे हे शेवटाकडे कळतं. चित्रपटात खऱ्या डॉक्टरला कड्यावरून ढकललेलं आपण आधीच बघतो. मग तो तोतया गोड बोलत त्या लहान मुलाला सोबत घेऊन फिरतो, आणि आपला जीव टांगणीला लागतो. स्वतःच्या कादंबरीचं गुपित त्यांनी स्वतःच फोडलं. आल्फ्रेड हिचकॉकने ‘व्हर्टिगो’त, १९५८ साली, तेच केलं. मूळ फ्रेंच कादंबरीत खरं काय ते अखेरीस उघड होतं. चित्रपटात ती बाई बराच आधी एक पत्र लिहायला बसते, आपल्याला सगळं कळतं, आणि ती पत्र फाडून टाकते. त्यापुढे नायकाला ठाऊक नाही आणि आपल्याला आहे, या ताणावर सिनेमा चालतो.

म्हणून माझं म्हणणं असं की सुनेचं गुपित मध्यावर प्रेक्षकाच्या हाती दे. सासूला मात्र देऊ नकोस. तुझ्या घराला शिंपल्यांच्या खिडक्या आहेतच. त्यांतून उजेड आत येतो, पण बाहेरचं माणूस दिसत नाही, नुसती सावली सरकते. सासू आत बसून भाजी चिरतेय, शिंपल्यांवरून सावली जाते, ती विचारते, ‘कोण गो?’ उत्तर येत नाही. कोण आहे ते आपल्याला ठाऊक आहे. त्या जागी मला एक शब्दही जास्त नको.

आता कथानकाचं. मूळ कथा पुण्याची. म्हातारा सगळी इस्टेट पुतण्याच्या नावे मृत्युपत्राने करतो आणि त्यावरून जीव जातो. तू ती म्हार्दोळला आणलीस, माणसं आणलीस, पण कायदा पुण्याचाच ठेवलास. आपल्याकडे गोव्यात पोर्तुगीज काळापासूनचा वारसा कायदा वेगळा आहे. लग्नाआधी वेगळा करार केलेला नसेल तर नवरा-बायकोची मालमत्ता सामायिक असते, अर्धी बायकोची. नवऱ्याच्या अर्ध्यातलाही अर्धा मुलांसाठी राखलेला असतो, मृत्युपत्राने तो सहसा हिरावता येत नाही. म्हणजे तुझा म्हातारा जोडप्याच्या मालमत्तेतला जेमतेम चौथा हिस्सा पुतण्याला देऊ शकतो. खुनाचं कारणच ढिलं पडतं.

यात घाबरण्यासारखं काही नाही, मला तर हे सोनं वाटतं. सामायिक जमीन विकायची तर विक्रीखतावर बायकोचीही सही लागते. समज, म्हाताऱ्याने पूर्वी एक भाट, म्हणजे माडांची बाग, विकलं आणि त्यावर सासूची सही आहे. सासू म्हणते, मी कधी सही केलीच नाही. मग सही कुणी केली? सून दिवाणखान्यात बसून त्या कागदावर बोट फिरवतेय, एवढं दिसलं तरी पुरे. कादंबरीतल्या मृत्युपत्रापेक्षा हा कागद मला जास्त खरा वाटतो, कारण अशी भांडणं आपल्याकडे घरोघरी ऐकायला मिळतात. लिहिण्याआधी एखाद्या वकिलाकडे तासभर बस आणि फॉर्म एक-चौदाचा, म्हणजे जमिनीच्या नोंदीचा, उतारा हातात घेऊन बघ.

भाषेबद्दल थोडं. तुझी माणसं घरात पुस्तकी मराठी बोलतात, ते कानाला खुपतं. आपल्या घरात बोलणं कोकणी, पेपर मराठी, देवळातलं नाटक मराठी, आणि १९६१च्या आधीचे दस्तऐवज पोर्तुगीज. संवाद मराठी ठेव, पण हाका, शिव्या, रडणं कोकणीत येऊ दे.

हक्कांचं आधी उरकून घे. लेखक गेल्यावरही ६० वर्षं स्वामित्वहक्क वारसांकडे असतो. परवानगी तोंडी नको, लेखी आणि सहीनिशी घे. कागदात मुदत स्पष्ट लिही, कारण हक्क हस्तांतरित करताना ती लिहिली नाही तर कायद्याने पाचच वर्षं धरतात, आणि सिनेमा उभा राहायला तेवढी सहज जातात.

एक गोष्ट कालपासून डोक्यात घोळतेय. ते विक्रीखत १९६१च्या आधीचं असेल तर ते पोर्तुगीजमध्ये असणार, आणि सुनेला पोर्तुगीज येत नाही. म्हणजे तिला ते कुणाकडून तरी वाचून घ्यावं लागेल. गावात ती भाषा जाणणारा एखादा म्हातारा असेलच. तो बल्कांवात, दारापुढच्या ओसरीवर, बसून कागद डोळ्यांजवळ धरतो, ओळीओळीने मोठ्याने सांगतो, आणि सहीपाशी येऊन थांबतो. तिच्याकडे बघतो. तेवढ्यात पोदेराचा, पाववाल्याचा, भोंगा वाजतो आणि कुणीतरी पाव घ्यायला बाहेर येतं. त्या माणसाला आता सगळं कळलंय. तो पुढे काय करतो, ते तू लिहून आण.

रविवारी दुपारनंतर मी घरीच आहे.

तुझा,
काका