सी समरी आली म्हणजे सगळं संपलं का?

प्रश्न : वकीलताई नमस्कार. सातारा जिल्ह्यात आमची वडिलोपार्जित जमीन आहे. वडील २०१६ मध्ये वारले आणि २०१९ मध्ये भावकीतल्या एकाने त्यांचं २०१५ चं कुलमुखत्यारपत्र दाखवून ती परस्पर विकली. त्यावरची सही आणि अंगठा दोन्ही वडिलांचे नाहीत, तेव्हा ते अर्धांगवायूने अंथरुणावर होते. २०२५ मध्ये गुन्हा नोंदवला, आता पोलिसांनी ‘दिवाणी वाद’ म्हणून सी समरी (केस बंद करायचा अहवाल) पाठवलीय आणि कोर्टाची नोटीस आलीय. समोरचे म्हणतात दिवाणी दावा निकाली निघेपर्यंत काही होत नाही. परत तपास मागता येईल का?
– एक वाचक, सातारा

उत्तर : दादा, नोटीस आलीय म्हणजे तुमचं ऐकून घेतल्याशिवाय कोर्ट समरी मंजूर करणार नाही, तेव्हा त्या तारखेला गैरहजर राहू नका. लेखी हरकत अर्ज द्या आणि त्यातच पुढील तपास मागा, नव्या बीएनएसएसचं (भारतीय नागरिक सुरक्षा संहिता, फौजदारी प्रक्रियेचा नवा कायदा) कलम १९३(९), जुन्या सीआरपीसीचं १७३(८). नव्याने तपास करा असं मात्र लिहू नका, पहिला तपास पुसून टाकायचा अधिकार मॅजिस्ट्रेटला नाही, ते हायकोर्टाचं काम.

खरी गोम अर्जातल्या मजकुरात आहे. बहुतेक अर्ज ‘पोलिसांनी नीट तपास केला नाही, संगनमत आहे’ एवढंच रडतात आणि फेटाळले जातात. कोणता कागद जप्त केला नाही, कोणाचा जबाब घेतला नाही ते नेमकं सांगा. तुमच्या केसमध्ये मूळ कुलमुखत्यारपत्र जप्त झालंय का ते आधी बघा, कारण नुसत्या झेरॉक्सवर हस्ताक्षर तज्ज्ञ सहसा ठाम मत देत नाहीत, आणि मूळ कागद दिवाणी कोर्टात दाखल असेल तर पोलिसांनी तिथे अर्ज करून तो मागवायला हवा. तुलनेसाठी वडिलांच्या त्याच काळातल्या सह्या लागतात, बँकेचा फॉर्म, सोसायटीच्या कर्जाचे कागद, काहीही चालेल. ठशासाठी वडिलांचा एखादा जुना, वाद नसलेला नोंदणीकृत दस्त शोधा, दुय्यम निबंधकाकडे त्यावरचा अंगठा सापडतो. (आधारचे ठसे मागवा असं गावात सगळे सांगतील, ते विसरा, आधार कायद्याच्या कलम २९ मुळे ते कोणालाच मिळत नाहीत.) दस्तावरचे साक्षीदार आणि ओळख देणारे यांचे जबाब, वडिलांचे दवाखान्याचे कागद आणि मृत्यूचा दाखलाही मागा, कारण माणूस गेला की साधारणपणे कुलमुखत्यारपत्रही संपतं, मग २०१९ ला विकणाऱ्याला मृत्यू माहीत होता का हे पोलिसांनी विचारायलाच हवं होतं.

दिवाणी दाव्याचं म्हणाल तर दोन्ही एकत्र चालू शकतात. समोरचे कदाचित सुप्रीम कोर्टाचा २००९ चा मोहम्मद इब्राहिम निकाल काढतील, दुसऱ्याची जमीन आपली म्हणून स्वतःच्याच सहीने विकली तर ते बनावटीकरण होत नाही असं त्यात आहे, पण तुमच्याकडे वडिलांच्या नावाने भलत्याचीच सही असल्याचा आरोप आहे, तो मुद्दा वेगळा. कागद कोर्टात आहे म्हणून तक्रार कोर्टानेच करावी असंही म्हणतील, त्याला सुप्रीम कोर्टाचाच २००५ चा इक्बालसिंग मारवाह निकाल दाखवा, ती अट कागद कोर्टात आल्यानंतर त्यात खाडाखोड झाली तरच लागू होते.

उशीर झाला म्हणून घाबरू नका. घटना १ जुलै २०२४ आधीची, म्हणजे नवे फौजदारी कायदे लागू होण्यापूर्वीची, म्हणून जुना भादंविच (भारतीय दंड संहिता) लागेल आणि त्यातल्या मौल्यवान दस्ताच्या बनावटीकरणाच्या कलम ४६७ ला जन्मठेपेपर्यंत शिक्षा असल्याने मुदतीचा बाऊ नाही. पण पुढे दोषारोपपत्र आलं तर आरोप निश्चित होण्याआधीच उरलेला तपास मागून घ्या. २०१९ च्या विनुभाई मालविया निकालाने (तीही सुरतच्या जमिनीचीच भानगड) मॅजिस्ट्रेटचा हा अधिकार तिथपर्यंत स्पष्ट केलाय, त्यानंतर काम अवघड होतं.

अर्ज फेटाळला तर सेशन्स कोर्टात रिव्हिजन (पुनरीक्षण अर्ज), मुदत ९० दिवस. आदेशाची सर्टिफाइड कॉपी त्याच दिवशी मागायला टाका.