आवाजाने घडवण्याच्या कसबाला काय म्हणावे?

प्रश्न असा आहे: एका कादंबरीतल्या काल्पनिक राज्यात असे कारागीर आहेत, जे एकही शब्द न उच्चारता केवळ स्वर लावून किंवा धातूवर आघात करून दगड मऊ करतात, तांबे वाकवतात आणि ऐकणाऱ्याचे मनही पालटतात. या कसबाला मराठीत ‘मंत्रविद्या’ म्हणावे, ‘ध्वनिजादू’ म्हणावे, की दुसरे काही?

‘मंत्रविद्या’ इथे बसत नाही, कारण मंत्राचे सामर्थ्य अक्षरांत मानलेले असते. अक्षर चुकले की मंत्र वाया जातो, ही त्यामागची श्रद्धा आहे. या कारागिरांकडे तर शब्दच नाहीत. ‘मंतरणे’ हे क्रियापद फार सुंदर आहे, परंतु तेही पाणी, तांदूळ, अंगारा यांवर काही पुटपुटल्याची आठवण सोबत घेऊन येते. ‘गारुड’ मनापुरते चालेल. सापाचे विष उतरवणाऱ्या गारुडमंत्रापासून गारुडी आणि ‘मनावर गारुड करणे’ हे प्रयोग आले खरे, पण तांब्याच्या पत्र्यावर गारुड केले असे कोणी म्हणणार नाही. ‘ध्वनी’ हा आज पदार्थविज्ञानाच्या पुस्तकातला शब्द झाला आहे. मोजता येणाऱ्या कंपनाला तो शोभतो, कसबाला नाही.

माझ्या मते या कसबाचे नाव ‘नाद’ या शब्दावरच उभे राहायला हवे. मराठीत नाद म्हणजे घुमणारा आवाज, आणि नाद म्हणजेच मनाला लागलेली अनावर ओढही. घंटेचा नाद होतो आणि पोराला पतंगाचा नाद लागतो. माणूस कोणाच्या तरी नादी लागतो, पुरता नादावतो. कोल्हापूरकडे तर ‘नादखुळा’ ही मनापासूनची दाद आहे. लेखकाला हव्या असलेल्या दोन सामर्थ्यांपैकी एक, म्हणजे मन ओढून घेणे, या शब्दात आधीच मुरलेले आहे. तेराव्या शतकात देवगिरीच्या यादव राजा सिंघणाच्या आश्रयाला असलेल्या शार्ङ्गदेवाने ‘संगीतरत्नाकर’ या संस्कृत ग्रंथात नादाचे आहत आणि अनाहत असे दोन प्रकार सांगितले. आघातातून उत्पन्न होतो तो आहत नाद. कादंबरीतले धातूवर घाव घालणारे कारागीर नेमका तोच वापरतात.

दुसरे सामर्थ्य, म्हणजे वस्तूत बदल घडवणे, त्यासाठी ‘भारणे’ हे क्रियापद घ्यावे. ताईत भारलेला असतो, एखादी विहीर भारलेली आहे असे गावकरी सांगतात, आणि चांगल्या भाषणाने सभाही भारून जाते. वस्तू आणि मन या दोहोंना सारख्याच सहजतेने लागणारे दुसरे क्रियापद मला आठवत नाही. विज्ञान शिकलेल्या वाचकाच्या कानात ‘विद्युतभार’ही वाजेल, पण त्याने बिघडत नाही, उलट अर्थाला धारच येते. पेरणी, घडणी, मळणी यांच्या वळणाने ‘भारणी’ आणि तिच्यावरून ‘नादभारणी’ असे कसबाचे नाव करता येईल. कारागिराला ‘नादी’ म्हणू नये, कारण तो छंदिष्ट ठरेल. वारकरी, टाळकरी, विणेकरी यांच्याप्रमाणे ‘नादकरी’ म्हणावे. ‘नादकऱ्याने’, ‘नादकऱ्यांची’ अशी रूपे वाक्यात अडखळत नाहीत.

हे कसब वाचकाला खरे वाटावे म्हणून प्रत्यक्षातली एक गोष्ट जवळून पाहावी. सतारीत मुख्य तारांच्या खाली तरफेच्या बारीक तारा असतात. त्या रागाच्या स्वरांना नीट मिळवलेल्या असतील, तर वरच्या तारेवर तो स्वर छेडताच खालची जुळलेली तार कोणाचाही हात न लागता आपोआप बोलू लागते आणि बाकीच्या बहुतांशी गप्प राहतात. आवाज हवेतून आणि लाकडातून जाऊन धातूला हलवतो, तेही निवडून हलवतो, हे इथे उघड दिसते. एर्न्स्ट क्लाडनी या जर्मन संशोधकाने तर 1787 साली प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात, पातळ पत्र्याच्या कडेवरून व्हायोलिनचा गज फिरवला की वर पसरलेली वाळू रेघारेघांच्या आकृत्यांत कशी गोळा होते, ते दाखवले होते. नादकऱ्याची नवलाई या वाटेवर चार पावले पुढे नेली, तर ती पोकळ वाटणार नाही.

कथेत क्रियापदेही अशीच दुहेरी निवडावीत, कारण मराठीत ती तयार आहेत. तार वळवतात आणि मनही वळवतात. दगड घोटतात आणि सूरही घोटतात. उलटी क्रिया, म्हणजे भारलेले पूर्ववत करणे, हीदेखील कथेत कधी तरी लागेलच, आणि तिच्यासाठी नवा शब्द घडवण्याची मुळीच गरज नाही. तार उतरवतात, विष उतरवतात, दृष्ट उतरवतात. तसाच नादकरी तांब्यावरचा किंवा माणसावरचा ‘नाद उतरवतो’ असे लिहावे.