इंजिनियर मुलगा नोकरी सोडून ईव्हीएमवर डॉक्युमेंटरी करतो म्हणतोय

गुरुजी, नमस्कार. मुलगा कॉम्प्युटर इंजिनियर, पुण्यात दीड वर्ष नोकरी, आणि आता ती सोडून ईव्हीएमवर डॉक्युमेंटरी काढतो म्हणतोय, त्याला समजवायचं कसं असं तुम्ही विचारलंय. पण पत्राच्या शेवटी तुम्ही सहज लिहून गेलात की झेडपी शाळेत असताना निवडणुकीत चारदा मतदान केंद्राध्यक्ष होतो. अहो, मग त्याच्या फिल्मचा पहिला माणूस घरातच बसलाय की!

या विषयावर ओरडणारे भरपूर आहेत, सगळं सेट असतं म्हणणारे पण आणि शंका काढली की अंगावर येणारे पण, मशीन हाताळलेल्या माणसाला मात्र कोणी विचारत नाही. सकाळी उमेदवारांच्या एजंटांसमोर किमान ५० मतांचा मॉक पोल, म्हणजे चाचणी मतदान, ती मतं क्लिअर करायची राहिली की पुढे आकड्यांचा होणारा घोळ, संध्याकाळी पडलेल्या मतांच्या हिशेबाचा १७ सी फॉर्म भरून एजंटांना द्यायची प्रत, हे तुम्ही झोपेत पण सांगाल. त्याला एकदा विचारा, व्हीव्हीपॅटची, म्हणजे मत कुणाला गेलं ते दाखवणाऱ्या मशीनची, चिठ्ठी किती सेकंद दिसते? ७. आणि मोजणीला एका विधानसभा मतदारसंघात किती मशीनच्या चिठ्ठ्या मोजतात? फक्त ५. सगळ्याच मोजा ही मागणी सुप्रीम कोर्टाने २६ एप्रिल २०२४ ला फेटाळली, पण चिन्हं लोड करायचं युनिट निकालानंतर ४५ दिवस सील करून ठेवा असंही सांगितलं. तो निकाल त्याने अख्खा वाचला नसेल तर कॅमेऱ्याचं नंतर बघू.

सोलापूर जिल्ह्यातल्या मारकडवाडीला जायचं म्हणतोय ना, जाऊ द्या. विधानसभेच्या निकालानंतर डिसेंबर २०२४ मध्ये त्या गावाने स्वतःच बॅलटवर परत मतदान घ्यायचं ठरवलं आणि प्रशासनाने जमावबंदी लावून थांबवलं, एवढं सगळ्यांना माहितीये. पण मतदारसंघात जो जिंकला त्याचेच समर्थक गावातल्या आकड्यावर शंका घेत होते, मला विचाराल तर खरी फिल्म इथे आहे. फक्त तिथे काही सिद्ध करायला जाऊ नको म्हणावं, ऐकायला जा.

पैशांचं स्पष्टच सांगतो, पहिली तीन-चार वर्षं यावर घर चालत नाही, यातले बरेच जण लग्नाचे शूट नाहीतर कंपन्यांचे व्हिडिओ एडिट करून भागवतात. म्हणून नोकरी सोडायची नाही, शनिवार-रविवार धरून दहा मिनिटांची फिल्म करायची. महागडा कॅमेरा नको, आधी चांगला माइक घ्या, आवाज खराब असला की कोणी बघत नाही. बूथच्या आत आयोगाच्या पासशिवाय शूट करता येत नाही, तिथे लपूनछपून मोबाईल काढायचा आगाऊपणा करू नये. आणि उद्या थिएटरात दाखवायची तर डॉक्युमेंटरीला पण सेन्सॉर सर्टिफिकेट लागतं.

तुम्ही मे मध्ये रिटायर होताय, तर मुलाखत त्यानंतरच द्या, सर्व्हिसमध्ये असताना कॅमेऱ्यासमोर बसू नका. तोवर त्याने रिटायर झालेले तुमचे दोन-तीन सहकारी गाठावेत, पहिला कट झाला की मला पाठवा.