तोरणमाळच्या जंगलातला अमरकंद जळगावात कुंडीत जगेल का?

अमरकंद म्हणजे जमिनीखाली कंद असलेलं रानटी ऑर्किड. उपटून आणलेला बहुधा जगणार नाही. शिवाय राखीव जंगलातून परवानगीशिवाय रोप काढणं भारतीय वन अधिनियम, १९२७ प्रमाणे गुन्हा आहे, म्हणून तो विचार सोडाच.

जळगावचं ऊन हे मरण्याचं मुख्य कारण नाही. अमरकंद (युलोफिया ऑक्रिएटा) उन्हाळा जमिनीखाली कंदरूपात झोपून काढतो. पहिल्या पावसात पिवळट फुलांचा दांडा आणि घड्या पडलेली रुंद पानं येतात. लोक त्याला हळद समजतात; पण हळदीच्या पानाला मधोमध एकच ठळक शीर असते, याला अनेक समांतर शिरा असतात. तो मरतो कंद कापला गेल्यामुळे आणि झोपेत पाणी दिल्यामुळे. मे महिन्यात ‘सुकतंय बिचारं’ म्हणून रोज तांब्याभर पाणी घातलं की कंद सडलाच.

परवानाधारक रोपवाटिकेतून कंद मिळाला तर मुरमाची खडी दोन भाग, जाड वाळू एक, पानांचं कुजलेलं खत एक असं मिश्रण घ्या. कपाशीची काळी माती चिमूटभरही नको, पाणी धरून बसते. कंद २-३ सेंमी खोल ठेवा. पानं पिवळी पडली की पाणी हळूहळू बंद, ते थेट पुढच्या पावसापर्यंत.

बियांपासून घरी होत नाही. धुळीएवढ्या बीमध्ये अन्नसाठाच नसतो. विशिष्ट बुरशी भेटली तरच ते रुजतं, नाहीतर प्रयोगशाळेत, पोषक द्रव्यं भरलेल्या बाटलीत रुजवावं लागतं.