सॅपेलोव्हायरस : वंश, प्रजाती की जाती?

इंदूरच्या एका वाचक भगिनींनी विचारले आहे की, पशुरोगांवरील एका हिंदी टिपणाचे मराठी करताना त्यांच्यापुढे ‘सैपेलोवायरस सूअर, बंदर और पक्षियों को संक्रमित करने वाले विषाणुओं का एक वंश है’ असे वाक्य आले. त्यांनी ‘वंश’च्या जागी ‘प्रजाती’ लिहिले. महूच्या पशुवैद्यकीय महाविद्यालयात शिकणाऱ्या त्यांच्या भाच्याने मात्र आक्षेप घेतला की, प्रजाती म्हणजे वर्गीकरणातील अगदी खालची पायरी आणि सॅपेलोव्हायरस तर त्याच्या वरच्या पायरीचे नाव आहे. या दोघांत बरोबर कोण, असा त्यांचा प्रश्न आहे.

मराठीपुरते बोलायचे तर मावशींचा शब्द योग्य आहे, आणि भाचा ज्या भाषेत शिकतो त्या भाषेपुरते बोलायचे तर त्याचा आक्षेपही योग्य आहे. सजीवांच्या वर्गीकरणात सृष्टी, संघ, वर्ग, गण, कुल, प्रजाती आणि जाती अशी उतरती भाजणी महाराष्ट्रातील शालेय पुस्तकांत शिकवली जाते, आणि मराठी विश्वकोशातील वनस्पतींच्या व प्राण्यांच्या नोंदींतही ‘या प्रजातीत इतक्या जाती आहेत’ अशी वाक्यरचना आढळते. हिंदी पाठ्यपुस्तकांत शेवटच्या दोन पायऱ्यांना ‘वंश’ आणि ‘जाति’ म्हणतात. त्यातच, हिंदी वर्तमानपत्रांत व रोजच्या बोलण्यात या ‘जाति’ऐवजी ‘प्रजाति’ हा शब्द सर्रास वापरला जातो. ‘पक्षियों की विलुप्त प्रजातियाँ’ हा मथळा आपण सगळ्यांनीच वाचलेला असतो. म्हणजे एकच शब्द नर्मदेच्या या अंगाला एक पायरी दाखवतो आणि त्या अंगाला दुसरी. इंदूरच्या मराठी घरात, जेथे मोठ्यांचे वाचन मराठी आणि मुलांचे शिक्षण हिंदीत किंवा इंग्रजीत झालेले असते, तेथे हा गोंधळ व्हायचाच. हिंदीत ‘जाति’ हा शब्द सामाजिक अर्थाने इतका व्यापलेला आहे की, प्राण्यांविषयी बोलताना लोकांनी तो टाळून ‘प्रजाति’ जवळ केला असावा, असे माझे मत आहे. मराठीत ती अडचण थोडी सुटते, कारण समाजातली ती ‘जात’ आणि शास्त्रातली ती ‘जाती’ अशी एकवचनाची दोन वेगळी रूपे आपल्याकडे आहेत. अर्थात महाराष्ट्रातील वर्तमानपत्रेही आता हिंदीच्या वळणाने ‘वाघाची प्रजाती’ लिहू लागली आहेत. शास्त्रीय लेखनात त्यांचे अनुकरण करू नये.

‘वंश’ तसाच का ठेवू नये, हेही सांगायला हवे. मराठीत ‘वंश’ म्हटले की पिढ्यांमागून पिढ्या चालत आलेली एक रेषा डोळ्यांपुढे येते: वंशवेल, वंशावळ, निर्वंश. विषाणूंच्या संदर्भात ती रेषा दाखवण्याची गरज खरोखरच पडते, कारण एकाच जातीच्या विषाणूत बदल होत होत जे उपप्रवाह तयार होतात त्यांच्यासाठी ‘वंश’ किंवा ‘वंशशाखा’ हा शब्द फार नेमका बसतो. तो वरच्या पायरीसाठी खर्च करून टाकला, तर पुढे त्याच टिपणात अडचण उभी राहते.

पण या वाक्यात मला पारिभाषिक शब्दापेक्षा मोठा दोष दिसतो तो रचनेचा. ‘डुक्कर, माकड आणि पक्षी यांना बाधणारा सॅपेलोव्हायरस’ असे लिहिले, की वाचणाऱ्याची समजूत अशी होते की एकच विषाणू डुकरातून माकडात आणि माकडातून पक्ष्यात जातो. वस्तुस्थिती तशी नाही. सॅपेलोव्हायरस हे प्रजातीचे नाव आहे, आणि तिच्या एकेका जातीचा आश्रयदाता वेगळा आहे. डुकरांत आढळणारी जाती वेगळी आणि माकडांत आढळणारी वेगळी. तिसरी, बदकांत सापडलेली, पूर्वी याच प्रजातीत धरली जात असे. तिची जनुकीय रचना पुरेशी निराळी असल्याचे मानले गेल्यावर तिला ‘अनॅटिव्हायरस’ या स्वतंत्र प्रजातीत घातले गेले. म्हणजे प्रश्नातले हिंदी वाक्य जुन्या वर्गीकरणाला धरून आहे. आज तेच मराठीत असे लिहिता येईल: ‘सॅपेलोव्हायरस ही पिकॉर्नाव्हिरिडी कुलातील विषाणूंची एक प्रजाती असून तिच्यातील एका जातीचे विषाणू डुकरांना आणि दुसऱ्या जातीचे माकडांना बाधतात; पक्ष्यांतील जी जाती पूर्वी तिच्यात गणली जाई, ती आता अनॅटिव्हायरस या प्रजातीत मोडते.’ वाक्य लांबले आहे, हे मान्य आहे, पण त्यातला प्रत्येक भाग आवश्यक आहे.

आता नावाकडे वळू, कारण वाचक भगिनींनी ‘याचे मराठी नाव करता येईल का’ असेही विचारले आहे. करता येणार नाही, आणि त्याचे कारण नावाच्या घडणीत आहे. माकड, पक्षी आणि डुक्कर यांच्यासाठी असलेली सिमियन, एव्हियन व पोर्साइन ही विशेषणे आणि ‘एन्टेरोसदृश विषाणू’ या वर्णनाचा इंग्रजी शब्द यांची आद्याक्षरे जुळवून ‘सॅपेलो’ हा शब्द बनवलेला आहे. अमेरिकेत जॉर्जियाच्या किनाऱ्याजवळ सॅपेलो नावाचे एक बेट आहे. त्याचा या नावाशी काही संबंध नाही. विषाणूंना गावांची नावे मिळतात हे खरे, उदाहरणार्थ डुकरांतल्याच टेशोव्हायरस या प्रजातीचे नाव मध्य युरोपातील टेशेन या गावावरून आले आहे, पण येथे तसे नाही. ‘एन्टेरोसदृश’ म्हणण्यामागे इतिहास आहे. डुकरांच्या आतड्यांत राहणारे हे छोटे विषाणू पूर्वी सगळेच एन्टेरोव्हायरस समजले जात आणि त्यांना क्रमांक दिले जात. पुढे त्यांच्या जनुकद्रव्याचा क्रम वाचता आला तेव्हा त्यांतले बहुतेक टेशोव्हायरसमध्ये गेले, ९ व १० क्रमांकाचे एन्टेरोव्हायरसमध्येच राहिले, आणि ८ क्रमांकाच्या विषाणूला सॅपेलोव्हायरस या नव्या प्रजातीत जागा मिळाली.

आद्याक्षरी नावाचे भाषांतर होत नाही, ते जसेच्या तसे घ्यावे लागते. आणि पक्ष्यांची जाती बाहेर गेली म्हणून नावातला तिचा रोमन ‘ए’ कोणी काढलेला नाही, जसे आपल्याकडे इंदुरात छप्पन दुकान या खाऊच्या बाजारातले एखादे दुकान बंद झाले म्हणून त्या जागेला कोणी पंचावन्न दुकान म्हणत नाही.

नावाचे भाषांतर होत नसले तरी त्याच्या घटकांशी मराठीचे नाते मात्र जुने आहे, आणि ते सांगितल्याशिवाय मला राहवत नाही. ‘एन्टेरो’ हा भाग आतडे या अर्थाच्या ‘एन्टेरॉन’ या ग्रीक शब्दातून आला. संस्कृतातील ‘अन्त्र’ त्याचे सगोत्र आहे, आणि आपले ‘आतडे’ त्या अन्त्राचेच वंशज. पक्षी या अर्थाचा लॅटिन ‘अविस’ आणि संस्कृतातील पक्षीवाचक ‘वि’ हे एकाच मुळाचे आहेत. ‘अनॅटिव्हायरस’मधला ‘अनॅटि’ हा बदकासाठी असलेल्या लॅटिन ‘अनास’चा अंश, संस्कृतात त्याचा भाऊबंद ‘आति’ हा पाणपक्ष्याचे नाव म्हणून आढळतो आणि ऋग्वेदातील पुरूरवा-उर्वशी संवादात अप्सरांना याच पक्ष्यांची उपमा दिलेली आहे. खुद्द ‘व्हायरस’ हा शब्द लॅटिनमध्ये विष या अर्थाचा होता, आणि ‘विष’ हा त्याचा सख्खा संस्कृत भाऊ आहे. त्यामुळे ‘विषाणू’ हा प्रतिशब्द मला अतिशय सुंदर वाटतो: त्यात मूळ अर्थ शिल्लक आहे, मूळ धातूही शिल्लक आहे, आणि ‘अणू’ने आकाराची सूक्ष्मता जोडली गेली आहे. सॅपेलोव्हायरसचा एक कण साधारण ३० नॅनोमीटर व्यासाचा असतो, त्याला बाहेरून मेदाचे आवरण नसते, आणि आत सुमारे ८,००० अक्षरांचा आरएनएचा एकच धागा असतो. ज्या कुलात तो मोडतो त्या पिकॉर्नाव्हिरिडीचे नावही ‘पिको’ म्हणजे अगदी लहान आणि ‘आरएनए’ यांच्या जोडणीतून आले आहे. पोलिओचा आणि गुराढोरांच्या लाळ्या-खुरकताचा विषाणू हे त्याच कुलातले.

देवनागरीत लिहिताना एक अडचण येते, तिच्यावर मराठीजवळ स्वतःचा उपाय आहे. रोमन लिपीत प्रजातीचे नाव मोठ्या अक्षराने सुरू करून तिरप्या ठशात छापतात, तर प्रत्यक्ष विषाणूचा उल्लेख साध्या ठशात करतात, त्यामुळे पायरीचे नाव कोणते आणि रोग करणारा कण कोणता हे नुसत्या नजरेला कळते. देवनागरीला मोठे अक्षर नाही. मात्र मराठीत ‘प्रजाती’ स्त्रीलिंगी आणि ‘विषाणू’ पुल्लिंगी असल्यामुळे ‘सॅपेलोव्हायरस ही पिकॉर्नाव्हिरिडी कुलातली’ असे म्हटले की प्रजाती समजते, आणि ‘पिलांच्या विष्ठेत सापडलेला सॅपेलोव्हायरस’ असे म्हटले की विषाणू समजतो. हिंदीत ‘वंश’ही पुल्लिंगी आणि ‘विषाणु’ही पुल्लिंगी, म्हणून तिला ही सोय नाही. एकदा हे ठरवून घेतले, की टिपणभर ‘ही’ आणि ‘हा’ काटेकोरपणे सांभाळावेत. मधेच लिंग बदलले तर अर्थ बदलतो.

लेखनाबद्दल थोडक्यात. हिंदीतले ‘सैपेलोवायरस’ जसेच्या तसे मराठीत उतरवू नये. हिंदीभाषक ‘सै’चा उच्चार ‘बैंक’मधल्यासारखा करतात, मराठी वाचक तो ‘सइ’ असा करील. म्हणून जसे ‘बँक’ तसे ‘सॅपेलो’. त्याचप्रमाणे हिंदीतला ‘वायरस’ मराठीत ‘व्हायरस’ होतो, आणि कुलाचे नावही ‘व्हिरिडी’ असे लिहावे.

‘संक्रमित करने वाले’ याचे ‘संक्रमित करणारे’ असे रूप इंदूरच्या मराठीत आता रुळत चालले आहे आणि मला ते खटकते. मराठीत संक्रमण म्हणजे एका स्थितीतून दुसरीत जाणे: सूर्याचे मकरसंक्रमण, समाजाचा संक्रमणकाळ. रोगासाठी आपल्याकडे ‘संसर्ग’, ‘लागण’ आणि ‘बाधा’ हे तीन शब्द आहेत आणि त्यांच्यात भेदही आहे. विषाणू शरीरात शिरून वाढू लागला की संसर्ग झाला. त्याने प्रकृती बिघडली की बाधा झाली. एकापासून दुसऱ्याला गेला की लागण. डुकरांतील सॅपेलोव्हायरसच्या बाबतीत हा भेद विशेष उपयोगी पडतो, कारण तो विष्ठेने दूषित झालेल्या खाद्यपाण्यातून पसरतो आणि संसर्ग झालेल्या पुष्कळ जनावरांत काहीच लक्षण दिसत नाही; काहींत मात्र अतिसार, फुप्फुसाचा दाह, गाभण मादीच्या पोटात पिले दगावणे, किंवा मेंदू व मज्जारज्जूचा दाह होऊन पाय लुळे पडणे असे परिणाम होतात. भारतातही अतिसार झालेल्या पिलांत तो आढळला आहे. या जागी ‘संसर्ग आहे पण बाधा नाही’ असे स्वच्छ मराठी वाक्य लिहिता येते.

‘बंदर’ या शब्दाकडे लक्ष हवे, कारण मराठीत ते जहाजांचे असते. ‘पक्षियों को’ याचे मराठी ‘पक्ष्यांना’; य गाळून ‘पक्षांना’ लिहिले तर ते राजकीय पक्षांना लागू होईल.

राहिला ‘विषाणू’. हिंदीत तो ऱ्हस्व ‘णु’ने लिहितात. मराठीत शब्दाच्या शेवटी येणारा उकार दीर्घ, म्हणून ‘विषाणू’. विभक्तीतही दीर्घच, ‘विषाणूचा’, ‘विषाणूंना’. पण तत्सम समासाच्या पूर्वपदात तो पुन्हा ऱ्हस्व होतो: ‘विषाणुशास्त्र’, ‘विषाणुजन्य’. टिपणाच्या शीर्षकात ‘विषाणूजन्य’ असे छापले गेले असल्यास ते आधी दुरुस्त करून घ्यावे.