मॉस्कोच्या कोम्सोमोल्स्काया मेट्रो स्थानकाच्या छतावर कम्युनिस्ट राजवटीत राजे-सेनापतींची चित्रे कशी आली?

स्तालिनच्या एका भाषणामुळे. ७ नोव्हेंबर १९४१ रोजी, जर्मन फौजा मॉस्कोजवळ येऊन ठेपल्या असताना, रेड स्क्वेअरवर त्याने सैनिकांना अलेक्झांडर नेव्हस्की, दिमित्री दोन्स्कोय, मीनिन, पोझार्स्की, सुवोरोव आणि कुतुझोव या रशियन इतिहासातल्या लढवय्या पूर्वजांची आठवण करून दिली होती. ३० जानेवारी १९५२ ला उघडलेल्या या स्थानकाची सजावट त्याच भाषणावर बेतलेली आहे. वास्तुरचनाकार अलेक्सेई श्चुसेव. लेनिनची समाधी आणि वर रस्त्यापलीकडचे कझान रेल्वे स्थानकही त्याचेच. स्थानक पूर्ण झालेले पाहायला मात्र तो उरला नव्हता, १९४९ मध्येच गेला. पिवळ्या छतावर पांढरे नक्षीकाम, खाली संगमरवरी अष्टकोनी खांब आणि मधोमध रंगीत व सोनेरी काचतुकड्यांची आठ मोठी चित्रे. ती पावेल कोरिनची. तो पालेख या रशियन गावातल्या, पिढ्यान्‌पिढ्या देवचित्रे रंगवणाऱ्या घराण्यातला. ते चर्चमधले सोने इथे सरळ दिसते, आणि मला तरी या स्थानकाची खरी ताकद त्यातच वाटते.

एक लक्षात ठेवा: आज दिसतात ती सगळीच चित्रे मूळची नाहीत. स्तालिनच्या मृत्यूनंतर त्याची आणि त्याचा गुप्तपोलीस प्रमुख बेरिया याची छबी असलेली चित्रे बदलण्यात आली. एका ठिकाणी आता लेनिन भाषण करताना दिसतो. शिवाय याच नावाचे, १९३५ चे दुसरे स्थानक शेजारीच, लाल मार्गावर आहे. फोटो शोधताना वर्तुळाकार मार्गावरचे बघा.