'मातीला पोचला नाही' हा टोमणा आहे का?

ताई, तुमचे सासरे विट्याला वारले तेव्हा कोइमतूरच्या दिरांना चुलत सासूबाई फोनवर म्हणाल्या, "मातीला न्हाई पोचलास, आता सावडाय तरी ये." दीर सावडायला आले पण कुणाशी न बोलता परत गेले आणि वर्ष होत आलं तरी घरी धड बोलत नाहीत, तर हा टोमणा होता का आणि अग्नी दिला असताना 'माती' कशी, असं तुम्ही विचारलंय. वाचून फार वाईट वाटलं, कारण टोमणा नव्हताच तो.

सांगली-साताऱ्याकडं माती म्हणजे अख्खा अंत्यविधी. लिंगायत, मुसलमान समाजात खरोखर माती देतात, पण दहन असलं तरी "माती किती वाजता हाय?" असंच विचारतात. सावडणं म्हणजे राख निवल्यावर अस्थी गोळा करणं, बहुतेक तिसऱ्या दिवशी, पेपरात त्याला रक्षाविसर्जन म्हणतात.

खरी गोम क्रियापदात आहे. "मातीलासुद्धा आला नाही" हा आरोप, त्यावरनं भावकीत कायमचं बोलणं बंद होतं. 'पोचला नाही' म्हणताना मात्र तू निघाला होतास, वाट लांबची होती हे बोलणाऱ्यानं आधीच धरलेलं असतं. विटा, खानापूर, आटपाडी भागातली माणसं गलाईच्या धंद्यात सोनं-चांदी गाळायला पार तामिळनाडू, केरळपर्यंत गेलेली, तिकडं साताऱ्यात अपशिंगे मिलिटरीसारखी फौजी गावं, म्हणजे इथं बाप गेला आणि पोरगा हजार किलोमीटरवर हे पिढ्यान्‌पिढ्या चाललंय आणि मयत तरी किती वेळ ठेवणार. अशा पोराला बोल न लावता बोलायची रीत या भागात पडली ती यातनंच, असं मला वाटतं.

राहिला 'तरी'. लहानपणापासून तिकडंच वाढलेल्या तुमच्या दिरांना त्यात 'निदान एवढं तरी कर' ऐकू आलं असणार. पण म्हातारीच्या तोंडी तो आग्रह आहे, की बापाचं तुझ्या हातनं व्हायचं ते अजून राहिलंय, ये. टोमणाच मारायचा असता तर "आता कशाला येतोस" म्हणाल्या असत्या.

वर्षश्राद्धाचा फोन चुलत सासूबाईंनाच करू द्या. बाबा ये, जेवायला थांब, चार दिवस राहा असं त्यांनीच म्हटलं तर मध्ये तुम्हाला शब्दांचे अर्थ सांगत बसावं लागणार नाही.